ब्वाना किम्या

बावीस मोटरसायकली शाळेच्या भिंतीला टेकवलेल्या
आणि बावीस पोरं गुडघ्यांवर, आळीपाळीनं,
एकाच रबरी माणसासमोर.
त्याचं नाव ब्वाना किम्या. श्रीयुत गप्प.
पहिल्या तुकडीनं ठेवलं, ते चिकटलं.
त्याला पाय नाहीत,
एक कान उंदरानं कुरतडलेला,
छातीत मात्र स्प्रिंग आहे:
पुरेसं खोल दाबलं की आतून टक् वाजतं.

नऊ वर्षं मी त्या टकवर शिकवलं.
आधी रस्ता बघा, मग जखमी.
तुम्हीच ट्रकखाली गेलात तर मला दोघांना उचलावं लागेल.
कोपर ताठ. खांदे हातांच्या बरोबर वर.
दोन इंच, कमी नाही, आणि छाती परत वर येऊ द्या.
मोठ्यानं: मोजा, म्बिली, ताटू.
मोजा म्हणजे एक.
टक् आलं? बरोबर.
नाही आलं? पुन्हा.

बरगडी मोडली तर, म्वालिमू?
काबुलानं विचारलं, तुकडीतली एकटी मुलगी,
जिच्या गाडीवर एरवी माशांच्या टोपल्या असतात.
मोडू दे.
जगला, तर तक्रार करायला येईल तुझ्याकडे.
सगळे हसले. हसावं म्हणूनच ठेवलंय ते वाक्य,
दर तुकडीला, त्याच जागी.

रक्त थांबवायला खांगेची पट्टी आणि फूटपट्टीचा पीळ.
फूटपट्टी मोडली. तेव्हापासून उगालीचा डाव वापरतो,
लाकडी, माझ्याच स्वयंपाकघरातला.
घरी विचारतात, डाव कुठे गेला.

मंगळवारी, उजाडायच्या आधी, शिगेला दारात.
पँटला खवले, अंगाला तळ्याचा वास.
रात्री दिवे लावून दागा धरतात ना, त्यातल्या एका होडीवरचा माणूस.
दोरीत पाय अडकला.
बुडालेला, म्हणून आधी श्वास दिले, म्वालिमू,
तुम्ही सांगितलेलं तसं. मग तीस, मग दोन.
सदतीस मिनिटं. मी आणि त्याचा मेहुणा, पाळीनं.
मग फेरीबोटीवरून गाडी आली
आणि आतल्या बाईनं माझ्या खांद्यावर हात ठेवला.

मी चहा टाकला.
आता विचारेल, का नाही वाचला.
त्याचं उत्तर तयार असतं माझ्याकडे,
तेही दर वर्षी, त्याच जागी.

तो म्हणाला,
टक् का नाही वाजलं?

मी दाबत होतो. वाट बघत होतो.
वाटलं माझेच हात कमी पडतायत.
आणखी जोर लावला, तेव्हा आत काहीतरी वाजलं,
पण ते टक् नव्हतं.

चहा उतू गेला. कोणीच उठलं नाही.

माणसाच्या छातीत काही वाजत नाही, शिगेला.
इतकं साधं.
तीस वर्षं माणसांच्या छात्या दाबल्या मी,
माझ्या हातांना माहीत होतं,
तोंडाला सांगायचं सुचलं नाही.
तू बरोबर करत होतास. सगळं.
त्यानं मान हलवली, मला बरं वाटावं म्हणून.

शनिवारी वर्ग भरायच्या आधी
स्क्रूड्रायव्हरनं ब्वाना किम्याची छाती उघडली.
सोड्याच्या बाटलीच्या झाकणाएवढा पत्रा.
काढून खिशात टाकला.
आता तो नावाप्रमाणे गप्प.

नवी तुकडी. एकोणीस.
पहिला पोरगा दाबतो, थांबतो, कान देतो.
बरोबर झालं हे कसं कळणार, म्वालिमू?
मी शिगेलाकडे बघते. तो मागे,
डोळे खाली, हेल्मेटची पट्टी बोटाला गुंडाळतोय.
नाही कळत, तो म्हणतो.
मग बराच वेळ काही म्हणत नाही.
मग पुढे येऊन गुडघे टेकतो, हातावर हात,

मोजा,
तो सुरू करतो,
म्बिली, ताटू,
आणि पोरगा त्याच्या शेजारी, हवेत, तेच करू लागतो.

कोपर, मी म्हणते.
कोपर.